आधी वैर, मग हळूहळू प्रेम: फँटसी कादंबरीत ही गोष्ट कशी रचायची

काही वर्षांपूर्वी मी एक फँटसी मालिका भागाभागाने लिहीत होते. राजकन्या, शत्रूचा सेनापती, दोघांचं हाडवैर. बेचाळिसावा भाग वाचून एका वाचकाने एवढंच कळवलं, "ताई, पंधराव्या भागातच दोघं पाच मिनिटं बसून बोलले असते तर?" मला राग आला. मग पंधरावा भाग उघडला आणि राग गिळला. सेनापतीने तिच्या भावाला मारलेलंच नव्हतं. तिला तसं वाटत होतं, आणि तो खरं सांगत नव्हता. का सांगत नव्हता? सांगितलं असतं तर माझी मालिका संपली असती, म्हणून. दुसरं कारण माझ्यापाशी नव्हतं.

त्या मालिकेतून जे शिकले ते इथे क्रमाने मांडते. उदाहरणासाठी सध्या लिहीत असलेलीच गोष्ट घेते, म्हणजे सल्ला हवेत राहणार नाही.

पहिली पायरी: वैर खरं असू द्या

एनिमीज टू लव्हर्स आणि स्लो बर्न हे शब्द आपण एका दमात म्हणतो, पण ती दोन वेगळी कामं आहेत. पहिल्यात दोघांमध्ये काय आडवं आलंय ते ठरतं, दुसऱ्यात ते किती वेळाने आणि कसं दूर होतं ते. पहिलं काम कच्चं राहिलं की दुसऱ्यात नुसती टाळाटाळ उरते.

मराठी वाचकाला हा प्रकार नवा नाही. खाडिलकरांचं 'संगीत मानापमान' १९११ साली रंगभूमीवर आलं. श्रीमंताघरची भामिनी गरीब सेनापती धैर्यधराला झिडकारते, मग तो तिचा अपमान करतो, आणि पुढे ती वनमाला बनून त्याच्याच छावणीत जाते. तिथे वैराचं कारण फक्त मान आणि अपमान एवढंच आहे, आणि ते पुरतं, कारण तो विनोदाच्या अंगाने जाणारा खेळ आहे. तुमच्या कादंबरीत गावं जळत असतील, माणसं मरत असतील, तर 'तो मला सगळ्यांसमोर लागट बोलला' यावर चारशे पानं तरणार नाहीत.

म्हणून पाच मिनिटांची चाचणी लावा. दोघांना कल्पनेत समोरासमोर बसवा आणि सगळं खरं बोलू द्या. बोलणं संपल्यावर वैरही संपत असेल तर ते गैरसमजाचं आहे. वैर तसंच राहत असेल, किंवा आणखी चिघळत असेल, तर तुमच्या हाती गोष्ट आहे.

माझं वैर मी नकाशावरून घेतलं. सातारा जिल्ह्यात महाबळेश्वरला वर्षाला पाच हजार मिलिमीटरच्या वर पाऊस पडतो, आणि त्याच जिल्ह्याच्या माण तालुक्यात पाचशेच्या आसपास. घाट ढग अडवतो, पलीकडे पर्जन्यछाया. फँटसीत मी एवढंच केलं की ढग अडवणारी माणसं कल्पिली: मेघकरी. ते घाटमाथ्यावर ढगांना गाठी मारतात. पलीकडच्या कोरड्या मुलखातली राही पाणाडी आहे, तिला जमिनीखालचं पाणी ऐकू येतं. तिच्या गावात दोन उन्हाळ्यांत निम्मी माणसं उरली. मुख्य गाठ तोडायला ती घाट चढते.

इथवर मेघकरी नुसते दुष्ट ठरतात, आणि दुष्टाशी प्रेम जुळवायचं तर त्याला 'आतून चांगला' ठरवण्याची कसरत करत बसावं लागतं. त्यांचीही बाजू खरी हवी होती. सह्याद्रीचा काळा दगड म्हणजे सुमारे ६.६ कोटी वर्षांपूर्वीचा लाव्हा. माझ्या जगात तो पूर्ण विझलेला नाही. घाटमाथा एक पावसाळा कोरडा राहिला तर डोंगर पेटेल. म्हणजे गाठ तुटली तर घाट मरतो, नाही तुटली तर राहीचं गाव मरतं. राही आणि मेघकऱ्यांचा हंबीर पाच मिनिटं सोडा, पाच रात्री बोलले तरी हे मिटत नाही.

दुसरी पायरी: जादू प्रेमाच्या आड आणा

फँटसीतल्या प्रेमकथेत जादू बरेचदा पडद्यावरच्या देखाव्यासारखी मागे टांगलेली असते. देखावा काढून तिथे पुण्यातलं ऑफिस ठेवलं तरी गोष्ट तशीच चालते. असं होत असेल तर फँटसी लिहिण्याचा खटाटोप कशाला?

जादूची किंमत आणि दोघांमधली दरी ही एकच गोष्ट असावी. मेघकऱ्याने पहिली गाठ मारली की त्याची तहान कायमची जाते. शरीराला पाणी लागतं, पण तहान लागत नाही. त्यामुळे हंबीर सावली बघून, मोजून घोट पितो. मोज चुकली तर घेरी येऊन पडतो. पाण्यावरून चाललेल्या वैरात एका बाजूला तहान ठाऊकच नाही, आणि दुसऱ्या बाजूला तहानेशिवाय काही नाही. एवढं ठरल्यावर पुढचे निम्मे प्रसंग मला शोधावे लागले नाहीत.

कुठली जादू टाळावी? प्रेमात पाडणारी. नियतीने बांधलेली जोडी, कपाळावर उमटणारं चिन्ह, वशीकरण. हे वापरून चांगलं लिहिणारे आहेत, पण स्लो बर्नमध्ये वाचक एकाच गोष्टीसाठी थांबलेला असतो: हा माणूस स्वतःहून या माणसाकडे कधी वळतो. ते नियतीने परस्पर उरकलं तर वाचकाने वाट कशाची पाहायची? जादूने दोघांना एका वाटेवर आणून सोडावं, पुढचं त्यांचं त्यांनी बघावं.

तिसरी पायरी: एकत्र राहणं दोघांनाही भाग पडावं

बर्फाचं वादळ, एकच खोली, एकच पलंग. आपल्याकडे घाटातली गुहा आणि एकच घोंगडी. मलाही हा प्रसंग आवडतो, मी दोनदा लिहिलाय. पण घोंगडी एक रात्र पुरते. चाळीस प्रकरणं पुरेल असं कारण गरजेतून येतं, आणि दोघांची गरज वेगळी असली की छान.

राही पकडली जाते तेव्हा तिला ठार का करत नाहीत, याचं उत्तर मला आठवडाभर सापडत नव्हतं. मग सापडलं: गाठी शाबूत असूनही डोंगराखालचे झरे आटत चाललेत आणि मेघकऱ्यांना कारण कळत नाही. जमिनीखालचं पाणी ऐकणारी एकच आहे, आणि ती कैदेत आहे. हंबीरला तिचे कान हवेत. तिला गाठीपर्यंतची वाट हवी. दोघंही एकमेकांना वापरायला निघालेत आणि ते दोघांनाही ठाऊक आहे.

यातला धोका कच-देवयानीच्या कथेत दिसतो. कच शत्रूच्या गोटात येतो तो संजीवनी विद्येसाठी. देवयानी त्याला पुन्हा पुन्हा जिवंत करवून घेते, त्याच्यावर जीव लावते. काम झाल्यावर तो तिला नकार देतो आणि शेवट परस्परांना दिलेल्या शापांत होतो. हेतू मनात ठेवून आलेल्या माणसावरचं प्रेम कधीतरी त्या हेतूवर आदळणारच. ही टक्कर टाळू नका. ती कुठे होणार हे आधीच ठरवून ठेवा, सातव्या पायरीत लागेल.

कैदी आणि पहारेकरी अशी जोडी असेल तर आणखी एक पथ्य: एकाच्या हातात किल्ली असताना प्रेमाचं काही घडू देऊ नका. राहीचे दोर नवव्या प्रकरणात सुटतात, तेही तिने स्वतः सोडवलेले. जाऊ शकत असूनही ती थांबते, तिथून पुढे मी हळूहळू काही पेरायला धजावते.

चौथी पायरी: हळू म्हणजे थांबलेलं नव्हे

स्लो बर्नचा सगळ्यात मोठा गैरसमज हा, की लेखकाने वाचकाला अडवून धरायचं. जवळ आणायचं, दार वाजवायचं, दूर करायचं. पुन्हा जवळ, पुन्हा दार. तिसऱ्यांदा दार वाजलं की वाचक पुस्तक मिटतो.

प्रत्येक प्रसंगात असं काहीतरी घडलं पाहिजे की जे परत फिरवता येणार नाही. ते मोठं असायला हवं असं नाही. तिला त्याच्याबद्दल एक गोष्ट कळली, ती आता न कळलेली होऊ शकत नाही. तो तिच्यासाठी एकदा खोटं बोलला, ते आता त्याच्या लोकांपुढे उघडं पडू शकतं. मी कागदाच्या चिठ्ठ्या करते. दोघं एकत्र असलेला प्रत्येक प्रसंग एका चिठ्ठीवर, आणि खाली दोन ओळी: आत शिरताना कुठे होते, बाहेर पडताना कुठे. दोन्ही ओळी सारख्या आल्या तर प्रसंग कितीही गोड असो, काढते. मागच्या खर्ड्यातून असे सहा गेले. त्यात एक चांदण्यातला होता, तो अजून आठवतो.

चढण दाखवायला मला भरवशाची वाटणारी युक्ती म्हणजे एकच वस्तू पुन्हा पुन्हा आणणं. माझ्याकडे लोटा आहे. चौथ्या प्रकरणात राही दोरात बांधलेली, ओठ फुटलेले. हंबीर सावली बघतो, मोजून घोट घेतो आणि उरलेलं पाणी डोंगरासाठी जमिनीवर ओततो. त्या क्षणी तिला तो माणूस नकोसा होतो. चौदाव्यात तिला तहानेचं रहस्य कळतं. तो प्रसंग मी आधी असा लिहिला होता:

"हंबीरला घेरी आली. राहीने धावत जाऊन त्याला सावरलं. दोघांची नजरानजर झाली. तिच्या काळजाचा ठोका चुकला. हा आपला शत्रू आहे हेच ती विसरून गेली."

शत्रू आहे हे ती विसरली, तर चौदा प्रकरणं कशासाठी खर्ची घातली? ते पूर्ण आठवत असताना तिने हात पुढे केला तरच त्या हाताला मोल. पुन्हा लिहिलं:

"सावली पायाशी आली तरी हंबीरने लोटा उचलला नाही. राही मोजत होती. आपण कधीपासून मोजायला लागलो, ते तिला आठवेना. पुढच्या वळणावर तो बसला. बसला म्हणजे कोसळलाच. वाट त्यालाच ठाऊक होती, नाहीतर... नाहीतर काय, ते तिने मनातही पुरं केलं नाही. लोटा त्याच्या ओठांना लावला.

'किती झाले?' डोळे उघडत त्याने विचारलं.

'सकाळपासून दोन. पाच हवे होते.'

तो पुढे काही बोलला नाही."

इथे कोणाचा ठोका चुकत नाही. पण शत्रूला आपले घोट पाठ आहेत हे त्याला कळलंय, आणि तिचं तिलाही. सव्विसाव्या प्रकरणात ती बोलता बोलता, त्याच्याकडे न बघता, लोटा त्याच्या दिशेने सरकवते. एका वाक्याचं काम. चौथं प्रकरण वाचलेल्याला ते एक वाक्य पुरतं.

पाचवी पायरी: तू, तुम्ही, आपण

इंग्रजीतून हा प्रकार वाचून आलेले आपण एक गोष्ट विसरतो. तिथे शत्रूलाही यू आणि प्रियकरालाही यूच. आपल्याकडे सर्वनामांतच अख्खी प्रेमकथा पडून आहे.

मराठीत 'तू' दोन टोकांना राहतो. एक तुच्छतेचा, एक जवळिकीचा. मधे 'तुम्ही'चं पठार. वैरातून प्रेमाकडची वाट तुच्छतेच्या 'तू'वरून निघते, आदराच्या 'तुम्ही'वर विसावते आणि जवळिकीच्या 'तू'ला पोचते. राहीचं पहिलंच वाक्य आहे, "पाणी काय तुझ्या बापाचं आहे?" पंधराव्या प्रकरणात तिच्या तोंडून एकदा 'तुम्ही' निघून जातं, तेव्हा ती स्वतःवरच चिडते. आणि तेहतिसाव्यात पुन्हा 'तू' येतो. शब्द तोच, पण तो ऐकून हंबीर वळून बघतो.

एक ताकीद: हे बदल मोजून करा. एकाच संवादात 'तू' आणि 'तुम्ही'ची खिचडी झाली तर वाचकाला ती मुद्रणदोषासारखी दिसते, आणि खरा बदल येतो तेव्हा त्याचं लक्षच जात नाही. खर्डा झाला की मी दोघांच्या संवादातलं प्रत्येक संबोधन शोधून तपासते. कंटाळवाणं काम आहे, दोन दिवस जातात.

दुसरं हत्यार 'आम्ही' आणि 'आपण'. 'आम्ही' म्हटलं की ऐकणारा बाहेर राहतो, 'आपण' म्हटलं की आत येतो. पाण्याच्या गोष्टीत तर मला हे आयतंच मिळालं: आमचं पाणी, तुमचं पाणी, आणि कधीतरी आपलं पाणी. त्यात 'आपण'ला आणखी एक तोंड आहे. तो थंड, दरबारी आदराचाही शब्द आहे. तिसऱ्या प्रकरणात हंबीर कैदी राहीला म्हणतो, "आपल्याला संध्याकाळपर्यंत पाणी मिळणार नाही." तिथे 'आपल्याला' म्हणजे फक्त तिला, हातभर अंतरावरून. छत्तिसाव्यात दोघं कड्यावर अडकलेत आणि तो तेच वाक्य म्हणतो. या वेळी त्यात तोही आहे. मी काहीही समजावून सांगितलेलं नाही. सांगायचा मोह खूप झाला.

जाता जाता: लग्न झालं की नायिकेने एकदम 'अहो, ऐकलंत का' सुरू करणं. जिने घाट चढून मेघकऱ्यांच्या नाकी नऊ आणले, तिला शेवटच्या पानावर कशाला बदलता?

सहावी पायरी: शरीराची भाषा आपली ठेवा

"आपण श्वास रोखून धरलाय हे तिला कळलंच नाही." "त्याने जबडा आवळला." "तिच्या मणक्यातून एक शिरशिरी गेली." ही वाक्यं मराठी अक्षरांत लिहिलेली इंग्रजी वाक्यं आहेत. आपल्याकडे कानशिलं तापतात, पोटात कालवतं, जीव वरखाली होतो, घास घशाखाली उतरत नाही, घशाला कोरड पडते. शेवटचं वाचून तुम्हाला काही सुचलं असेल. मलाही सुचलं, आणि ते मी शेवटासाठी राखून ठेवलं.

टोमण्यांबद्दलही थोडं. नुसते खटकेबाज संवाद दहा पानांत शिळे होतात. टोमण्यातून एक गोष्ट सुटली पाहिजे: बोलणाऱ्याने समोरच्याला किती बारकाईने पाहिलंय. 'तुम्ही घाटवाले सगळे गर्विष्ठ' हा टोमणा फुकट गेला. 'खोटं बोलायचं असलं की तू आधी सावली बघतोस' यात राग आहे आणि पहारा पण आहे.

सातवी पायरी: टक्कर आणि हिशेब

जेन ऑस्टिनच्या १८१३ सालच्या 'प्राइड अँड प्रेज्युडिस'मध्ये ६१ प्रकरणं आहेत. नायक पहिल्यांदा मागणी घालतो ती ३४ व्या प्रकरणात, आणि नकार खातो. म्हणजे प्रेम जवळपास मध्यावरच बोलून झालंय, पुढचं पुस्तक त्या प्रेमाला लायक होण्याचं आहे. नवे लेखक कबुली शेवटच्या पानापर्यंत ताणतात आणि मग मधल्या भागाचं काय करावं कळत नाही. कबुली लवकर येऊ द्या, चुकीच्या वेळी येऊ द्या.

माझ्याकडे टक्कर अठ्ठाविसाव्या प्रकरणात आहे. राही झऱ्यांचं कोडं सोडवते, त्याच रात्री गाठीपाशी पोचते आणि सुरी काढते. हंबीर तिथे आधीच उभा आहे, कारण ती येणार हे त्याला पहिल्या दिवसापासून ठाऊक होतं. कोणी कोणाला फसवलं? दोघांनी दोघांना. यात गैरसमज नाही, म्हणून 'मला वेगळं वाटलं होतं' म्हणून सुटकाही नाही.

त्यानंतर हिशेब मांडावाच लागतो. मी वहीत दोन रकाने केले होते: कोणी कोणाचं काय नुकसान केलं, आणि त्याची भरपाई कुठल्या पानावर झाली. हंबीरच्या रकान्यात एक ओळ बराच काळ कोरी होती. राहीच्या गावावरचा ढग त्याने स्वतःच्या हाताने बांधलेला होता. 'मला माफ कर' म्हणून ही ओळ भरत नाही. ज्याला माफी मागायची त्याने काहीतरी गमावलं पाहिजे, आणि ते वाचकासमोर गमावलं पाहिजे. तो ती गाठ सोडतो आणि मेघकऱ्यांतून कायमचा बाहेर पडतो. काही कृत्यांची भरपाई होतच नाही. छळ, बळजबरी, मुद्दाम केलेली मानहानी. नायकाच्या रकान्यात ती येऊ देऊ नका, मग त्याचं बालपण कितीही दुःखाचं असो.

आठवी पायरी: वैराचं कारणही सुटू द्या

दोघं प्रेमात पडले, पण पाण्याचं काय? बऱ्याच कादंबऱ्या इथे डोळेझाक करतात. राजा-राणी एक झाले, युद्ध संपलं. लोक इतक्या सहज ऐकत नसतात.

मी पुन्हा खऱ्या जगाकडे गेले. धुळे-नाशिककडच्या फड पद्धतीत नदीवर बंधारा घालून पाणी गावाच्या शेताला पाळीने देतात आणि पाटकरी ते वाटून देतो. माझ्या कादंबरीत ढगांच्या पाळ्या ठरतात: दोन घाटाला, एक कोरड्या मुलखाला. कोणीच खूश नाही, दोन्हीकडून शिव्या पडतात, आणि राही त्या पाळ्यांची पाटकरीण होते. हे ठरवायला चार प्रकरणं लागली. त्यात प्रेमाचं फारसं काही नाही, तरी वाचून दिलेल्या तिघांनाही तीच सगळ्यात आवडली. का, ते मला अजून नीटसं कळलेलं नाही.

कबुलीचं वाक्य उरलं. 'माझं तुझ्यावर प्रेम आहे' मी चार वेळा लिहिलं आणि चारही वेळा ते डब केलेल्या सिनेमासारखं वाजलं. अडतिसाव्या प्रकरणात हंबीरने शेवटची गाठ सोडलीय. दोघं उतारावर बसलेत, पलीकडच्या मुलखावर पहिला पाऊस दिसतोय. तो सावलीकडे बघत नाही. लोटा जवळच आहे. बराच वेळाने तो म्हणतो, "राही, घशाला कोरड पडलीये."

ती आधी घोट मोजायला लागते. मग थांबते.